टेलटेल गेम्स भागांमुळे बुडाली का? पाच भागांचा गेम काढायला निघालेल्यांसाठी उत्तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. चार मित्र, तिघांच्या नोकऱ्या चालू, एकजण पूर्णवेळ. कथाप्रधान साहसी गेम करायचाय, पाच भागांत. पहिला भाग विकायचा, त्या पैशातून दुसरा करायचा, दुसऱ्याच्या पैशातून तिसरा. आणि मग शंका: "टेलटेलनं असंच केलं ना? मग एवढे पुरस्कार मिळूनही ती कंपनी २०१८ मध्ये अचानक कशी बंद पडली? भागाभागानं गेम काढणंच चुकीचं आहे का?" शेवटी जाता जाता विचारलंय, की संवाद मराठीत रेकॉर्ड करावेत का.

मी निर्मितीच्या बाजूचा माणूस. कथा मी लिहीत नाही. लिहिलेली कथा ठरलेल्या वेळेत आणि ठरलेल्या पैशात गेममध्ये उतरते की नाही, हे बघणं माझं काम. त्यामुळे उत्तर त्याच अंगानं देतो. लेखकाला विचाराल तर तो कदाचित वेगळं सांगेल.

आधी एक गैरसमज दूर करू. पहिल्या भागाच्या कमाईवर पुढचा भाग उभा करायचा, या पद्धतीवर टेलटेल कधीच चालली नाही. त्याच्या जवळपास जाणारा एक प्रयोग त्यांनी अगदी सुरुवातीला केला आणि तो अर्धवट राहिला. म्हणून भाग असावेत की नसावेत, हा तुमचा खरा प्रश्न नाही. पैसा कधी येतो आणि खर्च कधी होतो, हा आहे. टेलटेलचा सगळा इतिहास या एका प्रश्नाभोवती फिरतो, म्हणून तो जरा सविस्तर सांगतो.

मार्च २००४ मध्ये ल्युकासआर्ट्स या गेम कंपनीनं 'सॅम अँड मॅक्स: फ्रीलान्स पोलीस' हा बनत आलेला गेम रद्द केला. साहसी गेमना आता गिऱ्हाईक नाही, असं तेव्हा सगळेच प्रकाशक धरून चालले होते. त्याच वर्षी केव्हिन ब्रूनर, डॅन कॉनर्स आणि ट्रॉय मोलँडर या ल्युकासआर्ट्समधून बाहेर पडलेल्या तिघांनी कॅलिफोर्नियातल्या सॅन राफाएलला टेलटेल काढली. त्यांचं पहिलं उत्पादन कथेचं नव्हतंच. २००५ मध्ये आलेला तो पोकरचा एक छोटा गेम होता. आपलं इंजिन (गेम ज्यावर चालतो ते मूळ सॉफ्टवेअर) चालतंय का आणि डाउनलोड करून विकणं जमतंय का, एवढंच त्यातून तपासायचं होतं. हे मला फार शहाणपणाचं वाटतं. मोठी कथा हातात घेण्याआधी नळ नीट बसलाय का ते त्यांनी पाहून घेतलं.

मग आला 'बोन'. जेफ स्मिथ यांची ही चित्रकथा नऊ खंडांची. पहिला भाग सप्टेंबर २००५ मध्ये आला, दुसरा एप्रिल २००६ मध्ये. त्यानंतर तिसरा आलाच नाही. तुमच्या योजनेशी सर्वात मिळताजुळता नमुना हाच आहे: एक भाग काढा, प्रतिसाद बघा, मग पुढचा. दोन भागांमध्ये सात महिने गेले की पहिला खेळलेला माणूस कथा विसरलेला असतो, आणि न खेळलेल्याला "आधी पुढचे तर येऊ द्या" म्हणायला कारण मिळतं.

याच काळात ते युबिसॉफ्ट या प्रकाशकासाठी 'सीएसआय' या टीव्ही मालिकेवरचे गेम करत होते. हे कंत्राटी काम होतं आणि भागाभागानं विकायचं नव्हतं. अशा कामाला आपल्या धंद्यात कुणी मान देत नाही. पण पुण्यात काय किंवा कॅलिफोर्नियात काय, स्वतःचा गेम पूर्ण होईपर्यंत पगार बहुधा अशाच कामावर निघतात.

खरी घडी बसली ती 'सॅम अँड मॅक्स'च्या पहिल्या सीझननं. ल्युकासआर्ट्सकडचे हक्क संपल्यावर ते या पात्रांचा जनक स्टीव्ह पर्सेल याच्याकडे परत आले आणि त्यानं टेलटेलला दिले. गेमटॅप या वर्गणीवर चालणाऱ्या सेवेशी करार झाला: प्रत्येक भाग आधी गेमटॅपवर, साधारण पंधरवड्यानं टेलटेलच्या स्वतःच्या साइटवर. म्हणजे सहाच्या सहा भागांना दार आधीच ठरलेलं होतं. पहिला भाग ऑक्टोबर २००६ मध्ये आला, दुसरा डिसेंबरमध्ये, आणि जानेवारी ते एप्रिल २००७ दर महिन्याला एक. एक भाग ८.९५ डॉलरला, अख्खा सीझन ३४.९५ ला.

दर महिन्याला नवा भाग काढणं त्यांना जमलं कसं, ते जवळून बघण्यासारखं आहे. या सीझनच्या प्रत्येक भागात तुम्ही त्याच एका रस्त्यावर येता. तेच ऑफिस, तेच बॉस्कोचं दुकान, तीच सिबिलची जागा. थ्रीडी मॉडेल, टेक्स्चर, प्रकाशयोजना सगळं एकदाच केलेलं. कंटाळवाणं व्हायला हवं होतं. पण लेखकांनी ही काटकसरच विनोदाला जुंपली: सिबिल दर भागात नवाच व्यवसाय काढून बसलेली असते, आणि बॉस्को बहुतेक वेळा कुठलं तरी नवंच सोंग घेतो. खेळणारा उत्सुकतेनं त्याच दुकानात शिरतो, कारण आज आत काय थेर चाललेत ते त्याला बघायचं असतं. एका जुन्या सेटवर नवे संवाद आणि नवा पोशाख, एवढ्यात भागाचा मोठा हिस्सा उभा राहतो. बजेट आधी आणि कल्पना नंतर असं म्हटलं की लेखक मंडळी नाकं मुरडतात. त्यांना मी हा सीझन खेळायला लावतो.

पुढची काही वर्षं बरी गेली. 'वॉलेस अँड ग्रोमिट', 'टेल्स ऑफ मंकी आयलंड' (२००९, पाच भाग, पाच महिन्यांत), 'बॅक टू द फ्युचर'. २०११ चा 'ज्युरासिक पार्क' पडला, पण त्यात पडद्यावर दिसेल ते बटण झटकन दाबण्याचे आणि सिनेमासारख्या मांडणीचे जे प्रयोग झाले, त्यातूनच पुढचं सगळं निघालं.

२०१२ चा 'द वॉकिंग डेड' तुम्ही खेळलाच असाल. नसाल तर पुढचा एक परिच्छेद सोडून द्या, कथा फुटेल.

कोडी जवळपास काढून टाकली, त्या जागी आले निर्णय. ते घ्यायला मोजके सेकंद, खाली सरकणारी पट्टी, आणि उत्तर दिल्यावर कोपऱ्यात एक ओळ: क्लेमेंटाइन (तुमच्या सोबतची लहान मुलगी) हे लक्षात ठेवेल. पहिल्या भागात औषधाच्या दुकानात तुम्हाला डग आणि कार्ली या सोबत्यांपैकी एकालाच वाचवता येतं. हात थरथरतात. आता निर्मितीच्या बाजूनं बघा. जो वाचला, तो पुढचा काही काळ तुमच्यासोबत असतो, त्याचे संवाद वेगळे, त्याच्यामुळे येणारे प्रसंग थोडे वेगळे. आणि तिसऱ्या भागात रस्त्याच्या कडेला गटातल्याच लिलीच्या गोळीनं तोही मरतो, डग असो वा कार्ली. दोन वाटा पुन्हा एक झाल्या. चौथा आणि पाचवा भाग सगळ्यांना एकाच पात्रसंचावर खेळवता येतो. "निर्णयांना अर्थच नाही" म्हणून लोक यावर चिडतात. पण दहा दुहेरी निर्णय शेवटपर्यंत खरोखर मोकळे ठेवले तर १,०२४ वाटा होतात. त्या लिहिणार कोण, तपासणार कोण? वाट फाकवायची, मग गुपचूप मिटवायची, आणि मधल्या काळात माणसाच्या मनावर काय उमटतं ते जपायचं, हे टेलटेलचं खरं कसब होतं. शॉन व्हॅनामन आणि जेक रॉडकिन हे त्या सीझनचे म्होरके.

विक्री तुफान झाली. जानेवारी २०१३ पर्यंत ८५ लाख भाग विकले गेल्याचं कंपनीनं सांगितलं. असा आकडा वाचताना पाचानं भागायची सवय लावून घ्या: साधारण १७ लाख पूर्ण संच. तरीही थोर यश, पण "८५ लाख" ऐकून डोक्यात जे चित्र उभं राहतं त्यापेक्षा बरंच लहान. व्हॅनामन आणि रॉडकिन त्याच वर्षी बाहेर पडले आणि त्यांनी काम्पो सान्तो काढली, जिचा 'फायरवॉच' पुढे गाजला.

घसरण इथून सुरू झाली, आणि ती बाहेरून वैभवासारखीच दिसत होती. 'द वुल्फ अमंग अस', 'टेल्स फ्रॉम द बॉर्डरलँड्स', 'गेम ऑफ थ्रोन्स', 'माइनक्राफ्ट: स्टोरी मोड', 'बॅटमॅन', 'गार्डियन्स ऑफ द गॅलक्सी'. एका वेळी दोनदोन, तीनतीन सीझन चालू. सगळे दुसऱ्यांच्या मालकीच्या कथांवर, म्हणजे रॉयल्टी आली, प्रत्येक संहितेवर मूळ मालकाची मंजुरी आली. माणसं वाढत गेली. इंजिन मात्र तेच, कंपनीचं स्वतःचं, २००४-०५ च्या पायावर ठिगळं लावलेलं. नवीन माणूस आला की आधी ते शिकवायचं.

आता पैशाचा मुद्दा, ज्यासाठी एवढं लिहिलं. लोक सुट्टा भाग घेण्यापेक्षा सीझन पास घेतात, म्हणजे सगळ्या भागांचे पैसे एकदम भरतात, आणि तो बहुतेक पहिल्या भागाच्या वेळीच घेतात. वर्षाची वर्गणी आगाऊ घेतलेल्या मासिकासारखं हे आहे: पैसे जानेवारीत आले, डिसेंबरचा अंक मात्र डिसेंबरच्याच खर्चानं छापायचा. चौथा भाग बाजारात येतो तेव्हा नवे पैसे फारसे येत नाहीत, पण त्या भागाला पगार, आवाज, तपासणी पूर्ण लागते. ती भरून काढायची तर पुढच्या सीझनचा पास विकायला हवा. म्हणजे नवा गेम लवकर जाहीर करा. मग त्याचाही चौथा भाग येतो. जोपर्यंत प्रत्येक नवा सीझन आधीच्याइतका खपतोय तोपर्यंत हे चक्र फिरतं. 'वॉकिंग डेड'च्या पहिल्या सीझनसारखं यश त्यांना पुढे क्वचितच मिळालं.

त्यात भर पडली ती खेळणाऱ्यांच्या शहाणपणाची. 'वुल्फ अमंग अस'चा पहिला भाग ऑक्टोबर २०१३ मध्ये आला, दुसरा फेब्रुवारी २०१४ मध्ये. 'बॉर्डरलँड्स'चा पहिला नोव्हेंबर २०१४, दुसरा मार्च २०१५. असं दोनदा झालं की गिऱ्हाईक म्हणतं, सगळे भाग येऊ देत, सेल लागला की घेऊ. माझ्या मते 'बॉर्डरलँड्स' हे त्यांचं सर्वात चांगलं लेखन आहे, आणि विक्रीत तोच मागे पडला.

आतली परिस्थिती तर बाहेर यायची तेव्हा आलीच. मार्च २०१८ मध्ये 'द व्हर्ज' या बातम्यांच्या साइटनं सविस्तर बातमी केली: वर्षानुवर्षं न संपणारा क्रंच (मुदत गाठायला रात्रंदिवस जादा काम), शेवटच्या क्षणी वरून येणारे बदल, मुदतीच्या आठवड्यात पुन्हा लिहिलेले प्रसंग. भागांच्या गेममध्ये हे रोगासारखं पसरतं. साध्या गेमला एकदा मुदत असते. इथे एक भाग संपला की दुसऱ्या दिवसापासून पुढच्याची मुदत, आणि वर मागच्या भागाच्या प्रतिक्रिया वाचून "पुढचा जरा बदलूया का" म्हणणारं कुणीतरी असतंच.

शेवट पटकन सांगतो. ब्रूनर मार्च २०१७ मध्ये प्रमुखपदावरून गेले. पुढे त्यांनी कंपनीवर दावाही लावला. त्याच २०१७ च्या सप्टेंबरमध्ये पीट हॉली नवे प्रमुख म्हणून आले. नोव्हेंबरमध्ये ९० जणांना, म्हणजे जवळपास चौथ्या हिश्श्याला नारळ मिळाला. कमी गेम करू, चांगले करू, असं ठरलं, आणि ते बरोबरच होतं. पण बदल पचेपर्यंत पुरतील एवढे पैसे गाठीशी नव्हते. लायन्सगेट या चित्रपट कंपनीनं २०१५ मध्ये गुंतवणूक केली होती, त्यांनी अंग काढून घेतलं. २१ सप्टेंबर २०१८ ला साधारण २५० जणांना त्याच दिवशी घरी पाठवलं, नुकसानभरपाई नाही. नेटफ्लिक्ससाठीचं 'माइनक्राफ्ट'चं काम संपवायला २५ जण तेवढे ठेवले. 'वॉकिंग डेड'च्या अखेरच्या सीझनचा दुसरा भाग यानंतर चार दिवसांनी आला. उरलेले दोन, मूळ 'वॉकिंग डेड' चित्रकथेचा लेखक रॉबर्ट कर्कमन याच्या स्कायबाउंड कंपनीनं टेलटेलमधल्याच काही माणसांना घेऊन २०१९ मध्ये पूर्ण केले. पैसे आधीच भरून बसलेल्या गिऱ्हाइकांचं त्यामुळे निभावलं. २०१९ मध्ये एलसीजी एंटरटेनमेंटनं नाव आणि काही हक्क विकत घेतले. आजची टेलटेल ती आहे. नाव तेच, कंपनी वेगळी.

तर इथपर्यंतचा हिशेब असा: छोटे भाग, जुने सेट, दर महिन्याला एक आणि विक्रीचं दार आधी पक्कं, हे होतं तोवर भाग टेलटेलच्या फायद्याचे होते. भाग मोठे झाले, अंतर वाढलं, पगारपत्रक लांबलं आणि आगाऊ आलेल्या पैशावर मागचा खर्च भागू लागला, तेव्हा तेच भाग गळ्यात आले.

आता तुमचं. इथे बरंच काही तुमच्या परिस्थितीवर आहे. प्रकाशक मिळाला आणि तो टप्प्याटप्प्यानं पैसे देणार असेल तर गणित वेगळं. संवाद फक्त लेखी ठेवणार असाल तरी वेगळं, कारण शेवटच्या आठवड्यात वाक्य बदलायला काही लागत नाही. पण चौघे, स्वतःचे पैसे आणि रेकॉर्ड केलेले आवाज असतील, तर पहिल्या भागाच्या कमाईवर दुसरा ही योजना मी मंजूर करणार नाही. पहिला भाग तुम्ही उत्साहाच्या भरात, नोकरी सांभाळून, फुकट कराल. दुसरा भाग कराल तेव्हा उत्साह ओसरलेला असेल, पहिल्यातल्या बगच्या तक्रारी येत असतील, आणि प्रत्येक "हे लक्षात ठेवेल"चं देणं पुढे फेडायचं बाकी असेल.

किती लोक पुढच्या भागापर्यंत टिकतात हे स्वतः बघा, माझ्या शब्दावर जाऊ नका. स्टीम या गेम विकणाऱ्या साइटवर टेलटेलच्या 'वॉकिंग डेड'सारख्या गेमच्या जागतिक अचीव्हमेंटचं (खेळताना मिळणाऱ्या पदकांचं) पान उघडा. प्रत्येक भाग संपवल्याचं एक अचीव्हमेंट असतं आणि किती टक्के लोकांनी ते मिळवलं तेही दिसतं. पहिल्या भागापासून पाचव्यापर्यंतचे आकडे कागदावर उतरवा आणि तुमच्या अपेक्षित विक्रीला लावा. कुठल्या भागावर किती खर्च करायचा याची चर्चा त्यानंतर करा.

मग भाग सोडून द्यायचे का? नाही. मी म्हणतो, भाग ठेवा, पण आधी सगळे पूर्ण करा. टेलटेलमधून बाहेर पडलेल्यांनी काढलेल्या अ‍ॅडहॉक स्टुडिओनं २०२५ मध्ये 'डिस्पॅच' असाच आणला: आठ भाग, २२ ऑक्टोबरपासून दर आठवड्याला दोन, १२ नोव्हेंबरला संपला. पहिल्या दहा दिवसांत दहा लाख प्रती गेल्या. कथा स्वतःची. आठवड्याभराच्या अंतरात माणूस विसरत नाही, उलट मधले सहा दिवस मित्रांशी वाद घालत बसतो, आणि ती जाहिरात फुकट होते. टेलटेलच्या पद्धतीशी फरक इतकाच, की खेळणाऱ्यासाठी तो भागांचा गेम होता आणि करणाऱ्यांसाठी एकच, पूर्ण झालेला गेम.

पाचाऐवजी तीनच भाग करा. एक जागा अशी निवडा जिथे तिन्ही भागांत परत यावंच लागेल, आणि ती दर वेळी बदलण्याचं कारण कथेत शोधा. निर्णयांची एक यादी ठेवा: निर्णय कुठे घेतला, कुठे दिसला, कुठे मिटला. तिसरा रकाना रिकामा असेल तो निर्णय संहितेतून काढा. सेव्ह फाइल (खेळणाऱ्याची प्रगती आणि निर्णय साठवणारी) एका भागातून दुसऱ्यात नीट जाते का, हे पहिल्या महिन्यातच, नुसत्या चौकोनी ठोकळ्यांच्या पात्रांवर तपासा. खेळणारे बाकी बग माफ करतात, त्यांनी घेतलेला निर्णय गेम विसरला तर नाही करत.

आवाजाबद्दल: मराठीत जरूर करा, इंग्रजी सबटायटल द्या. इंग्रजीत कथाप्रधान गेमची गर्दी आहे, मराठीत शोधावे लागतात. नाटकातली मंडळी घेतलीत तर पुण्या-मुंबईत चांगली माणसं मिळतील, फक्त त्यांना सलग संवाद देऊ नका, तुकड्यांत बोलण्याची सवय आधी करून घ्या. एकाच प्रसंगाची रागावलेली, दुखावलेली आणि कोरडी अशी तीन रूपं त्यांना ओळीनं द्यावी लागतात आणि रंगभूमीवर हे कुणी मागत नाही. तिन्ही भागांचं रेकॉर्डिंग एकाच सत्रांच्या मालिकेत उरका. म्हणजे त्याआधी तिन्ही भागांची संहिता पक्की हवी, आणि तुमचा पुढचा टप्पा खरं तर तोच आहे. पहिल्या भागाचं आर्ट सुरू केलं असेल तर सध्या थांबवा.